रिकामी खुर्ची

"सिनेमाचा शेवट कापला तेव्हा घाबरलात म्हणून गप्प बसलात ना, गुरुजी?"

"हो," एव्हारिस्तो म्हणाले.

म्हातारे दिग्दर्शक आपली खुर्ची उचलून चौकाकडे निघाले होते. स्पेनमधल्या त्या खेड्यात उन्हाळ्यात चौकात पडदा लागतो आणि बसायला खुर्ची घरून न्यावी लागते. आज त्यांचाच जुना सिनेमा होता. हुकूमशाहीत काढलेला.

शिष्य गोन्सालो माद्रिदहून खुर्ची न घेता आला होता. काखेत पत्र्याचा डबा मात्र होता.

"सरकारने कापलेला शेवट यात आहे. नवरा तुरुंगातून घरी येतो, तो. कोणाला सापडला नाही, मी शोधला. आता जोडू. सिनेमा पुरा होईल."

"आधी बघू या."

"पाठ आहे मला."

"इथे बसून बघितलायस?"

गोन्सालोने डबा दुसऱ्या काखेत घेतला.

चौक भरला होता. कासिल्दाआजींच्या शेजारी एक खुर्ची रिकामी दिसली. तो टेकला.

"ऊठ रे बाळा. माद्रिदला खुर्च्या संपल्या वाटतं?"

बायका हसल्या. तो उठला.

"कोणी यायचंय का, आजी?"

"माझा नवरा. शिपाई घेऊन गेले तेव्हा म्हणाला, माझी जागा धरून ठेव."

"कधी नेलं?"

आजींनी पडद्याकडे हात केला.

"हा सिनेमा नवा होता तेव्हा."

गोन्सालोने उभ्यानेच सिनेमा बघितला.

शेवटी पडद्यावरची बाई दार उघडं ठेवते. बाहेर रस्ता. रस्त्यावर कोणी नाही...

तिथेच संपतं.

पडदा पांढरा झाला. आजी तरीही तिकडेच बघत होत्या.

"गुरुजी," गोन्सालो हळू म्हणाला, "यात तो येतो."

"हो. मीच आणला होता त्याला."

"मग... जोडू की नको?"

एव्हारिस्तोंनी आजींकडे बोट केलं.

"त्यांना दोन खुर्च्या उचलवत नाहीत. एक तू घे."

गोन्सालोने डबा खाली ठेवला. रिकामी खुर्ची उचलली आणि उलटी करून खांद्यावर टाकायला गेला.

गुरुजींनी त्याचा हात धरला.

"अशी नको. सरळ धर... तो पडेल."