एका बाजूचे वल्हे

पूर्वी चेमूल बंदरात राजा अरिंदम राज्य करीत असताना बोधिसत्त्वांचा जन्म एका तांडेलाच्या घरी झाला होता. कण्ह हे त्यांचे नाव. आकाशातले तारे, पाण्याचा रंग आणि माशांची चाल पाहून ते गलबताला वाट दाखवीत. बंदरातले लोक म्हणत, कण्ह तांडेल बोलतात कमी, पण त्यांच्या शब्दावर डोळे मिटून समुद्रात उतरावे.

एका वर्षी वसुगुप्त नावाच्या व्यापाऱ्याने त्यांना आपल्या गलबतावर नेले. सुवर्णभूमीत चंदन आणि कापूर भरून गलबत परत निघाले आणि भर समुद्रात वारा पडला. शीड डोलकाठीला ओल्या धोतरासारखे लटकून राहिले. जमीन मावळतीकडे होती, पण किती दूर ते कोणालाच ठाऊक नव्हते. खलाशांनी वल्ही घेतली.

त्या खलाशांत सातिल नावाचा एक जण होता. त्याच्याच गल्लीत वाढलेला रोहक त्याच्या शेजारी बसे. रोहक मोठा थट्टेखोर. वल्हवता वल्हवता तो सगळ्यांना हसवीत असे.

वसुगुप्त माणसांमधून फिरत म्हणाला, "गड्यांनो, जोर लावा! उद्या किनारा दिसणार. ज्याला पहिल्यांदा दिसेल त्याला चंदनाचा अख्खा ओंडका!"

त्या दिवशी सातिलच्या दंडांत कुठून बळ आले ते त्यालाच कळले नाही. डोळ्यांपुढे किनारा होता, अंगणात वाळत घातलेली जाळी होती, चुलीचा धूर होता. दुसऱ्या दिवशी किनारा दिसला नाही. वसुगुप्त म्हणाला, "उद्या नक्की." माणसे पुन्हा वल्हवू लागली. तोही दिवस गेला. "आता शपथेवर सांगतो, उद्या." असे किती उद्या गेले. पिंपातले पाणी खाली चालले, आणि दर खेपेला वल्हे आदल्या दिवसाहून जड लागू लागले. रोहकाची थट्टा बंद झाली.

एका दुपारी रोहकाने वल्हे आत ओढून मांडीवर आडवे ठेवले.

"हात भरून आले का रे?" सातिलने विचारले.

"हात चालतील," रोहक म्हणाला. "पण हे उचलायचं कशासाठी, तेच आठवत नाही."

त्याच्या वाटणीचे पाणी त्याच्यापुढे ठेवले, तर तेही त्याने उचलले नाही. सातिलने ओठांना लावले तेव्हा त्याने दोन घोट गिळले आणि तोंड फिरवले. हळूहळू बाकीचेही वल्ही सोडून आडवे झाले.

त्या काळी गलबतांवर जमीन शोधणारे कावळे बाळगीत. उंच उडालेल्या कावळ्याला जमीन दिसली तर तो तिकडे निघून जाई. दिसली नाही तर डोलकाठीवर परत येई. वसुगुप्ताच्या पिंजऱ्यात आता एकच कावळा उरला होता. वसुगुप्त कण्ह तांडेलांजवळ येऊन हळूच बोलू लागला. सातिल जवळच पडला होता. त्याला सारे ऐकू आले.

"माणसं झोपलेली असताना कावळा सोड. परत आला तर मान मुरगाळ आणि पाण्यात टाक. कावळा मावळतीला गेला म्हणून सांगू. तू सांगितलंस तर त्यांना पटेल. उठतील बिचारे."

"आणि परवा काय सांगायचं?"

"परवाचं परवा पाहू. कण्हा, ती मरतायत रे!"

"मला दिसतंय, शेठ," कण्ह म्हणाले. "तुमच्या शब्दावरचा त्यांचा विश्वास संपला. माझ्या शब्दावरचाही संपला, तर दिशा तरी कोणाला विचारतील?"

त्यांनी सगळ्यांना जागे केले आणि सर्वांदेखत पिंजरा उघडला. कावळा वर गेला, घिरट्या घालीत मावळतीकडे वळला, ठिपका झाला आणि दिसेनासा झाला. माणसे ओरडली, एकमेकांच्या गळ्यात पडली, वल्ही धरून बसली. रोहकही कोपर टेकून उठून बसला. मग तो ठिपका पुन्हा दिसू लागला. कावळा येऊन डोलकाठीवर बसला.

कोणी रडले नाही. एकेकाने वल्हे टाकले आणि जागच्या जागी अंग टाकले. रोहक पुन्हा आडवा झाला, कुशीवर वळला.

"तू मारलंस यांना," वसुगुप्त म्हणाला.

कण्ह खाली उतरले, एका रिकाम्या बाकावर बसले आणि एकटेच वल्हवू लागले.

सातिल पाहत होता. एका बाजूला एकच वल्हे. सुकाणूवर कोणी नाही. गलबत पुढे जाईना, नुसते जागच्या जागी फिरू लागले. सूर्य समोर आला, पाठीशी गेला, पुन्हा समोर आला. कण्ह घामाने भिजले होते.

"तांडेल, कशाला जीव शिणवता?" सातिल कसाबसा म्हणाला. "किनारा दिसणार आहे का?"

"ठाऊक नाही."

"वारा येईल?"

"तेही ठाऊक नाही, बाबा. जमीन मावळतीला आहे, एवढंच ठाऊक आहे."

सातिलच्या मनात आशा म्हणून उरली नव्हती. पण त्या माणसाचे एवढे कष्ट नुसते गोल फिरण्यात चाललेले त्याला बघवेनात. तो सरपटत समोरच्या बाकावर गेला आणि दुसऱ्या बाजूचे वल्हे त्याने पाण्यात घातले. गलबत सरळ झाले.

मागाहून आणखी काही जण उठले. वसुगुप्तही येऊन बसला. सवय नसलेले त्याचे तळहात सोलून निघाले, तरी तो हलला नाही. बाकीचे उठलेच नाहीत. सातिलने रोहकाला हाका मारल्या, शिव्या दिल्या, त्याच्या आईचे नाव घेतले. रोहक त्याच्याकडे मायेने बघे आणि डोळे मिटून घेई. एका सकाळी त्याने ते उघडले नाहीत. त्याला पाण्यात सोडले आणि जे उठू शकत होते ते पुन्हा वल्हवू लागले.

दुसऱ्याच दिवशी माडांची रांग दिसली.

वाळूवर उतरलेल्यांत आनंद करण्याचे त्राण कोणालाच नव्हते. सातिल कण्हांपुढे जाऊन उभा राहिला.

"तांडेल, त्या दिवशी तुम्ही खोटं बोलला असता, तर रोहक उठला असता का?"

"उठला असता कदाचित."

"आज इथं असता?"

"ठाऊक नाही, सातिल," कण्ह म्हणाले, आणि वाळूत बसून लहान मुलासारखे रडले. सातिल त्यांच्याशेजारी बसला. त्याला त्यांचा राग धरता आला नाही, आणि त्यांना क्षमाही करता आली नाही.

ही कथा शास्त्यांनी, म्हणजे भगवान बुद्धांनी, सुमेघ नावाच्या भिक्खूला सांगितली. साधनेचे फळ दिसत नाही म्हणून त्याने आसन सोडले होते आणि भिक्षापात्रही पालथे घातले होते. कथा संपवून शास्ते म्हणाले, "त्या वेळचा सातिल तू होतास. वसुगुप्त म्हणजे या विहारात रोज पाणी भरणारा तो वृद्ध उपासक. आणि कण्ह तांडेल मीच होतो."

"आणि रोहक, भन्ते?"

शास्त्यांनी पालथ्या भिक्षापात्राकडे पाहिले.

"सुमेघा," मग ते म्हणाले, "फळ समोर दिसत असताना कोणीही वल्हवतो. ते दिसत नसतानाही, खोट्या आशेचा आधार न घेता जो हात थांबत नाही, त्याच्या नेटाला वीर्य म्हणतात. त्या जन्मी मी वीर्यपारमिता, म्हणजे त्या नेटाची पराकाष्ठा, आचरली."

सुमेघाने भिक्षापात्र उचलले. रोहकासाठी त्याचे डोळे अजून ओले होते.