नाईकीचा भरवसा

फार पूर्वी एका डोंगराळ राज्यात एक अवघड घाट होता. धुकं दाट, कडे निसरडे आणि रानात वाघाचा वावर. वाटसरूंना सुखरूप खाली उतरवायला राजाने चाकरीत वाटाडे ठेवले होते. त्यांचा म्होरक्या होता खेमा.

वाटाड्यांना पगार धान्यात मिळे आणि तो बेताचाच असे. पण एक रीत होती. वाटाड्याने एक तप, म्हणजे बारा वर्षं, इमानाने चाकरी केली की त्याला नाईक करत, आणि नाईकाला दुप्पट धान्य मिळे. खेमाच्या आजोबांना नाईकी मिळाली होती, वडिलांना मिळाली होती. तप पुरं झालं आणि नाईकी हुकली, असं कुणाच्या बाबतीत घडलं नव्हतं.

त्याच भरवशावर खेमाने बंदरावरच्या एका व्यापाऱ्याकडची चांगली नोकरी नाकारली होती. नवे गडी चाकरीला यायला कचरले, की राजाचे कारभारी त्यालाच पुढे करत. मग तो त्यांची समजूत घाली, की आज ओढाताण आहे खरी, पण एक तप काढा, नाईक व्हाल.

खेमाचं आणि त्याच्या काही जोडीदारांचं तप पुरं झालं, त्याच सुमारास राज्यात नवे दिवाण आले. लढाईने खजिना खंगला होता. दिवाण माणूस म्हणून वाईट नव्हते, पण घाईत होते. त्यांनी दिसेल त्या खर्चाला कात्री लावली, त्यात नाईकीही बंद झाली. वाटाड्यांना ते कळलं बाजारात, दवंडीवाल्याच्या तोंडून.

खेमाने सगळ्यांच्या वतीने न्यायाधीशांकडे फिर्याद केली. सुनावणीच्या आदल्या दिवशी दिवाणांनी त्याला एकट्याला बोलावून घेतलं. गूळपाणी दिलं, घरची विचारपूस केली आणि मग म्हणाले, "खेमा, तुझी चाकरी मला ठाऊक आहे. तुला मी उद्याच नाईक करतो. फिर्याद तेवढी मागे घे."

खेमा विचार करून सांगतो म्हणाला आणि घरी आला. बायकोला, चांगुणाला, त्याने सगळं सांगितलं. तिने तव्यावरची भाकरी उलटली.

"घ्या म्हणते मी," ती म्हणाली. "तुमचे गुडघे आता कड्यावर साथ देत नाहीत. पोरीचं लग्न तोंडावर आलंय. सगळ्यांचा भार तुम्हीच का वाहायचा?"

तिचं काही चुकत नव्हतं. खेमाला नाईकीचं धान्य डोळ्यांपुढे दिसत होतं. ते घरात आलं तर काय काय सोपं होईल, हेही दिसत होतं. त्याने चुलीत एक लाकूड सारलं.

"त्या गड्यांना दिवाणांनी शब्द दिला नव्हता गं," तो शेवटी म्हणाला. "तो मी दिला. त्यांची तरणी वर्षं माझ्या तोंडाकडे बघून गेलीत."

चांगुणाने त्याचं ताट वाढलं आणि जवळ बसून राहिली. दिवाणांकडे खेमाचा नकार गेला.

दुसऱ्या दिवशी न्यायसभा भरली. दिवाणांनी आपली बाजू स्वच्छ मांडली. नाईकीची सनद कुठेच नाही. ती राजाची मेहेरबानी होती, आणि मेहेरबानी केव्हाही थांबवता येते. न्यायाधीशांनी शांतपणे ऐकून घेतलं. आजवर तप पुरं केलेल्या कुणाला नाईकी नाकारली होती का, असं त्यांनी विचारलं. दिवाण नाही म्हणाले. नवे गडी घेताना नाईकीची आशा राज्याच्याच नावाने दाखवली जाई ना, असं न्यायाधीशांनी पुढे विचारलं. त्याला दिवाणांना हो म्हणावं लागलं.

"मग बंद करण्याआधी यांना एकदा विचारलंत?"

"नाही विचारलं," दिवाण म्हणाले.

"आता विचारा," न्यायाधीश म्हणाले.

भर सभेत दिवाण वाटाड्यांकडे वळले. लढाईत काय गेलं, कोठारात किती कमी उरलंय, हे त्यांनी पहिल्यांदाच त्यांना समजावून सांगितलं. वाटाडे ऐकत राहिले, मग आपसांत कुजबुजले आणि खेमा पुढे झाला.

"कोठारच रिकामं असेल तर आम्ही हट्ट कसा धरणार? नाईकी आज द्या, वाढीव धान्य सुगीनंतर द्या. आधी विचारलं असतंत, तर हेच घाटावर बसून सांगितलं असतं."

दिवाणांनी मान खाली घातली.

न्यायाधीशांनी निवाडा दिला, की राजाला रीत बदलता येते, पण ती उद्या चाकरीला येणाऱ्यांसाठी बदलावी आणि त्यांना पहिल्याच दिवशी तसं सांगावं. जे जुन्या रीतीवर विसंबून चाकरीला आले, त्यांचं तप जेव्हा पुरं होईल तेव्हा त्यांना नाईकी मिळालीच पाहिजे. राजाने तो निवाडा मान्य केला.

सुगी झाली, धान्य आलं. खेमाच्या मुलीचं लग्न थोडं लांबलं, पण सारा घाट त्या मांडवात जेवला. पुढे वाटाड्यांचा एखादा नियम बदलायची वेळ आली, की दिवाण आधी स्वतः घाट चढून येत, धापा टाकत चौकीवर बसत आणि विचारत, "तुमचं काय म्हणणं आहे?"

तात्पर्य एवढंच, की रीत बदलणं सत्तेच्या हाती असतं. पण त्या रीतीच्या भरवशावर ज्यांनी आयुष्य बेतलं, त्यांना न विचारता ती मोडणं हा न्याय नव्हे.