श्वेतग्रीवाची मान

त्या काळी जगातले बरेचसे पाणी हंसांच्या मालकीचे होते आणि उरलेल्या पाण्यावर त्यांचे लक्ष होते. हंस स्वतः फारसे कुठे जात नसत. त्यांचे तळे धुक्यात होते आणि धुक्यातच त्यांना बरे वाटे. बाहेरच्या पाण्यांत काय चालले आहे ते पाहायला त्यांनी बगळे नेमले होते. बगळा या कामासाठीच घडलेला. तो तासन्‌तास एका पायावर उभा राहतो, आणि यायला निघाला आहे की जायला, हे कुणाला सांगता येत नाही.

श्वेतग्रीव हा त्यांतला नावाजलेला. ‘हो’ आणि ‘नाही’ हे दोन शब्द दूताने घरी ठेवून निघावे असा राज्याचा शिरस्ता होता. श्वेतग्रीव तर ते अंड्यातच ठेवून आला होता. पहिली नेमणूक बेडकांत झाली. तिथे सगळे एकदम बोलत. त्याने सगळ्यांचे ऐकून घेतले आणि तुमचाच मुद्दा विचार करण्याजोगा आहे, असे प्रत्येकाला एकट्याला गाठून कळवले. मग खेकड्यांत. त्यांच्या तिरक्या चालीला त्याने ‘सावध प्रगती’ म्हटले, तेव्हा खेकड्यांनी खूश होऊन मेजवानी दिली. पानात वाढलेले मासे कुणाच्या हद्दीतले, हे त्याने विचारले नाही. ताकाला तूर लागू न देणे त्याला छान जमत असे.

आणखी एक शिरस्ता होता. दूताने परक्या पाण्यात फार रमायचे नाही. तिथली भाषा त्याला मनापासून कळू लागली की हंस म्हणत, ‘याला तिथले पाणी लागले,’ आणि त्याला परत बोलावून घेत. त्यामुळे तळ्यावर कुणालाच कुणाची भाषा येत नसे, आणि याचा हंसांना थोडा अभिमानही होता.

उतारवयात श्वेतग्रीवाला कासवांकडे धाडले. नदीच्या मुखाशी वाळूचे एक बेट होते आणि कासवे अंडी घालायला तिथेच येत. जागा आडबाजूची, म्हणून हंस त्याला विसरून गेले. मग व्हायचे तेच झाले, त्याला तिथले पाणी लागले. कासवे तोंडाने थोडे बोलतात आणि मानेने पुष्कळ. मान बाहेर म्हणजे सगळे ठीक. मान आत म्हणजे संकट, पळा. हे त्याला कळू लागले होते, पण ते तळ्यावर कळणार नाही याची त्याने काळजी घेतली.

एके वर्षी राजाचा कारभारी हंस येऊन थडकला. सगळा थवा यंदा हिवाळ्याला या बेटावर उतरणार होता, कायमचाच म्हटले तरी चालेल. तोवर कासवांना निश्चिंत ठेवायचे, नाहीतर ती मगरींकडे दाद मागतील.

“आणि अंडी?” श्वेतग्रीवाने विचारले. “पायाखाली येतील.”

“अंडी ही त्यांची अंतर्गत बाब आहे,” कारभारी म्हणाला.

हुकूम तो हुकूम. श्वेतग्रीवाने कासवांना बोलावणे धाडले.

कासवे वाळूवर जमली. त्यांतली सर्वांत थोरली खापरी पुढे आली. तिने आजवर त्याची पुष्कळ भाषणे ऐकली होती.

“दूतसाहेब, आज गोल गोल बोलू नका,” ती म्हणाली. “औंदा अंडी हितं घालायची का न्हाई, तेवढं सांगा.”

कारभारी शेजारीच उभा राहून त्याची चोच न्याहाळत होता. श्वेतग्रीव बोलला, आणि उत्तम बोलला. “महाराजांना तुमच्या अंड्यांविषयी नितांत आस्था आहे. या वाळूवर आजवर नांदली तशीच शांतता पुढेही नांदावी, अशी त्यांची मनापासून इच्छा आहे.” आयुष्यात पहिल्यांदाच त्याला स्वतःच्या आवाजाची लाज वाटत होती. आणि बोलता बोलता त्याची ती लांब, देखणी मान घडीवर घडी घालत हळूहळू खांद्यांत शिरली. कारभाऱ्याला वाटले, काय अदब आहे म्हातारपणी.

खापरी त्याच्याकडे बघत राहिली. “बरं,” एवढेच ती म्हणाली, आणि तिचीही मान आत गेली.

थवा आला तेव्हा बेट रिकामे होते. कासवे पलीकडच्या खडकाळ खाडीत निघून गेली होती. जागा अडचणीची, वाळू ओंजळभर, पण त्यांनी ती आपली मानून घेतली. इकडे हंसांचा आनंद गगनात मावेना. रक्त नाही, आरडाओरडा नाही, मगरींची कटकट नाही. श्वेतग्रीवाच्या डोक्यात समारंभाने मोराचे पीस खोवण्यात आले. ते आणताना मोराला विचारले नव्हते. त्याचे ते भाषण तरुण बगळ्यांना हल्ली तोंडपाठ करायला लावतात.

निवृत्तीत त्याला धुक्यातले एक डबके मिळाले. तिथे त्याचे मन लागेना. एका सकाळी तो उडत उडत त्या खाडीवर आला आणि उथळ पाण्यात उभा राहिला. पोटात काही नव्हते. वाळूतून नुकतीच बाहेर आलेली पिल्ले त्याच्याच पायांमधून पाण्याकडे निघाली होती, बगळ्याच्या एका घासाएवढी. खडकावर ऊन खात पडलेल्या खापरीने एक डोळा उघडला, कोण उभे आहे ते पाहिले, आणि डोळा पुन्हा मिटून घेतला.