टिकली मुंगीची मनुका

खुळखुळ, खुळखुळ!

फार फार वर्षांपूर्वी एका घरात असा आवाज झाला. मनुकांचा डबा वाजला. नाताळ जवळ आला होता. रोझामाय मफिन करणार होती.

त्या घरची एक रीत होती. मफिनच्या पिठात प्रत्येकाने थोडा सुका मेवा टाकायचा. आपला आपण टाकायचा. इनासबाबा अंजीर टाकायचे. माय खारीक टाकायची. मनी मांजर आणि कोंबडीसुद्धा एकेक बेदाणा टाकायच्या. जो टाकेल तो घरचा. घरच्याला एक मफिन.

उंबऱ्याखाली टिकली मुंगी राहायची. इवलीशी. यंदा तिची पहिलीच वेळ. मायने तिला एक मनुका दिली.

टिकली मनुका ढकलत निघाली. तुरु तुरु तुरु. वाटेत फरशीला फट होती.

टुप्!

मनुका फटीत पडली. घट्ट अडकली. टिकलीने ओढली. हलेना. मनुका नाही, तर मफिन नाही. टिकली रडली. मग डोळे पुसले आणि निघाली.

तुरु तुरु तुरु. दारात भेटली कोंबडी.

"कोंबडीबाई, कोंबडीबाई, चोच घाल ना!
माझी मनुका निघेना!"

"कॉक कॉक!" कोंबडी म्हणाली. "पोट रिकामं गं माझं. चोच उचलत नाही. मायला सांग, कोंडा दे. मग घालते चोच."

तुरु तुरु तुरु. चुलीपाशी भेटली माय.

"रोझामाय, रोझामाय, पीठ चाळ ना!
कोंबडी चोच घालेना,
माझी मनुका निघेना!"

"कोंडा हवाय होय?" माय म्हणाली. "पीठ चाळलं की निघेल कोंडा. पण भट्टी पेटल्याशिवाय पीठ चाळायचं नाही. माझ्या सासूची शिकवण आहे बाई. तिला तिच्या सासूची."

तुरु तुरु तुरु. अंगणात भेटली भट्टी. मातीची, गोल गोल.

"भट्टीबाई, भट्टीबाई, पेट ना!
माय पीठ चाळेना,
कोंबडी चोच घालेना,
माझी मनुका निघेना!"

"हूंऽऽ!" भट्टी म्हणाली. "कशी पेटू? पोटात करवंटी नाही. बाबांना सांग, करवंट्या घाला. मग पेटते."

तुरु तुरु तुरु. खुर्चीत भेटले बाबा.

"इनासबाबा, इनासबाबा, उठा ना!
भट्टी काही पेटेना,
माय पीठ चाळेना,
कोंबडी चोच घालेना,
माझी मनुका निघेना!"

"हळू बोल गं!" बाबा म्हणाले. "मांडीवर मनी झोपलीय. माझा पायसुद्धा झोपलाय. पण हिला उठवलं तर ही सणभर फुरंगटून बसेल. तूच सांग तिला."

टिकली बाबांच्या पायावर चढली. गुडघ्यावर चढली. तुरु तुरु तुरु. मांडीवर भेटली मनी.

"मनीमाऊ, मनीमाऊ, ऊठ ना!
बाबा काही उठेनात,
भट्टी काही पेटेना,
माय पीठ चाळेना,
कोंबडी चोच घालेना,
माझी मनुका निघेना!"

मनीने एक डोळा उघडला. "म्यांव! थंडी आहे. इथे ऊब आहे. मी नाही उठत."

टिकली तिथेच बसली. तिचे सगळे पाय दुखत होते.

मग तिला सुचलं.

"मनीमाऊ," ती हळूच म्हणाली, "तू उठलीस तर बाबा उठतील. बाबा उठले तर भट्टी पेटेल. भट्टीजवळ कित्ती ऊब असते!"

मनीने दुसरा डोळा उघडला. "अगं बाई! हे माझ्या ध्यानातच आलं नाही."

आणि मनी उठली!

मनी उठली, आऽऽळस देत.
बाबा उठले, लंगडत लंगडत.
करवंट्या पडल्या, खडाड खडाड.
भट्टी पेटली, भग् भग् भग्.
मायने पीठ चाळलं, खसक खसक.
कोंडा पडला, भुरु भुरु.
कोंबडीने खाल्ला, टक टक टक.
मग फटीत चोच घातली,
टच्!

मनुका निघाली!

कोंबडीने मनुका चोचीत धरली. इकडे पाहिलं. तिकडे पाहिलं. टिकलीचा जीव खालीवर.

कोंबडीने मनुका खाली ठेवली. "घे गं बाई लवकर! फार गोड वास येतोय."

मायने मनुका धुतली. पातेल्याच्या काठावर ठेवली. टिकलीलाही काठावर ठेवलं.

"मी नाही हं टाकणार," माय म्हणाली. "तुझी तू टाक."

टिकलीने ढकललं. पुन्हा ढकललं. अजून थोडं.

डुबुक्!

"आता तू घरची!" बाबा म्हणाले.

भट्टीजवळ मनी झोपली. भट्टीत मफिन फुगले. घरभर वास सुटला.

बाबांना मफिन मिळाला. मनीला मिळाला. कोंबडीला मिळाला. टिकली उंबऱ्यापाशी बसून राहिली. मोठ्ठे मोठ्ठे मफिन! एवढा मोठा कसा नेणार ती?

तेवढ्यात माय आली. खाली वाकली. उंबऱ्यापाशी एक इवलासा मफिन ठेवला. मायने तो शिवणाच्या टोपणात भाजला होता, बोटात घालतात ना, त्या टोपणात. वर टिकलीची मनुका.

टिकलीने वर पाहिलं.

मायने पदराला हात पुसले, आणि आत निघून गेली.