कुंभेरी बोर्डाचा शेवटचा ठराव

एके काळी कुंभेरीला स्वतःचं लोकल बोर्ड होतं. आसपासच्या खेड्यांचे रस्ते, शाळा, पाणवठे तेच सांभाळायचं. बाजारतळावरची विहीर सगळ्या जातींना खुली केली तीही याच बोर्डाने, रीतसर ठराव करून. पुढे कुंभेरी बोर्ड शेजारच्या शिरसाड बोर्डात विलीन झालं आणि शिरसाडचे अध्यक्ष दादासाहेब रणनवरे विहिरीच्या फाटकाला लावायला कुलूप घेऊनच आले.

"कुंभेरी बोर्ड आता उरलं नाही," दादासाहेब गरजले. "तुमच्याच मेंबरांनी एकमताने ठराव करून ते आमच्यात मिसळलं. तेव्हा त्या बोर्डाचे झाडून सगळे ठराव आजपासून रद्द! विहिरीची किल्ली पाटलांकडे राहील. खालच्या वस्तीने नदीवर जावं."

खालच्या वस्तीतली धुरपदा कळशी भरून निघाली होती. ती थांबली.

"समदे ठराव रद्द, साहेब?"

"सगळे! एकही ठेवणार नाही."

"मग बोर्ड तुमच्यात मिसळायचा ठराव बी रद्दच झाला की! म्हंजी आमचं बोर्ड जागच्या जागी हाय. तुमचा हुकूम तुमच्या शिरसाडात चालवा."

बाजार खो खो हसला. दादासाहेबांनी सोबत आणलेल्या कारकुनाकडे पाहिलं. कारकून विहिरीत डोकावू लागला.

धुरपदाने कळशी पुढे केली. "आमच्या बोर्डात पाव्हणे आलात, पाणी तरी पिऊन जावा."

कुलूप आलं तसं परत गेलं. पण त्याआधी, घसा पार कोरडा पडल्यामुळे, दादासाहेबांनी धुरपदासमोर मुकाट्याने ओंजळ धरली.