ठिपकू आणि संध्याकाळचा चिमटा

एक होती दोरी. लांबच लांब. या टोकावरून ते टोक दिसायचंच नाही.

त्या दोरीवर जगं टांगली होती. बाळाची झबली टांगतात ना, तशीच. एक हिरवं जग, एक निळं, एक पांढरं, एक पिवळं. आणि मधोमध एक ठिपक्याठिपक्यांचं जग.

ठिपक्यांच्या जगात राहायचं सशाचं एक पिल्लू. त्याचं नाव ठिपकू. मुठीत मावेल एवढंसं. कान मात्र हे लांब. डोक्यावर लाल लोकरीची टोपी. आईनं विणलेली. कानांसाठी दोन भोकं ठेवलेली.

सगळ्या जगांतली वेळ होती फार घसरडी. धरून ठेवली नाही, की मागे घसरायची. म्हणून तिला एक चिमटा होता. संध्याकाळ झाली की घरातल्या सगळ्यात लहानानं तो दोरीला लावायचा. मग संध्याकाळ थांबायची. सगळे घरी आले की चिमटा काढायचा. मग रात्र यायची. चिमटा होता ठिपकूच्या घरी, म्हणून हे काम ठिपकूचं.

एकदा संध्याकाळी चिमटा लावून झाला आणि काय झालं, ठिपकूची टोपी बादलीत पडली. चिंब भिजली. ठिपकूनं इकडे पाहिलं, तिकडे पाहिलं. संध्याकाळचा चिमटा काढला आणि टोपीला लावला. संध्याकाळ राहील की जरा वेळ अशीच, असं त्याला वाटलं.

संध्याकाळ कसली राहते. घसरर्र. दोरीला बसला हिसका. टोपी पडली ठिपकूच्या डोक्यावर, थप्प. चिमटा उडाला, टिंग टिंग टिंग. गेला थेट हिरव्या जगात.

तेवढ्यात आई आली होती गाजराच्या मळ्यातून. एक पाय दारात, एक पाय बाहेर. पण झाली ना पुन्हा सकाळ. आई पुन्हा मळ्यात. ठिपकूला रडूच आलं.

मग त्यानं डोळे पुसले आणि निघाला. टुणुक टुणुक. टुणुक टुणुक.

हिरव्या जगात बसले होते दगडोबा. मागे कधी हलले होते, कुणाला आठवत नाही. चिमटा नेमका त्यांच्या पोटाखाली.

"दगडोबा, दगडोबा, सरका ना.
चिमटा मिळेना,
संध्याकाळ थांबेना,
आई घरी येईना."

दगडोबा म्हणाले, "मी नाही सरकत जा. ओढ्यानं ढकललं तर सरकेन."

ठिपकू निघाला. टुणुक टुणुक. टुणुक टुणुक.

निळ्या जगात होता ओढा. गप्प पडून होता.

"ओढेदादा, ओढेदादा, वाहा ना.
दगड सरकेना,
चिमटा मिळेना,
संध्याकाळ थांबेना,
आई घरी येईना."

ओढा म्हणाला, "मी नाही वाहत जा. पानं अडकलीत गळ्याशी. वाऱ्यानं उडवली तर वाहीन."

ठिपकू निघाला. टुणुक टुणुक. टुणुक टुणुक.

वाटेत झाली संध्याकाळ. ठिपकूनं लांबून पाहिलं. आई आली. एक पाय दारात, एक पाय बाहेर. आणि घसरर्र. पुन्हा सकाळ. आई पुन्हा मळ्यात. बिचारी आई. तिला वाटायचं, आज मळा काही संपत नाही.

पांढऱ्या जगात होता वारा. झोळीत झोपला होता. घुर्र घुर्र.

"वारेकाका, वारेकाका, उठा ना.
ओढा वाहेना,
दगड सरकेना,
चिमटा मिळेना,
संध्याकाळ थांबेना,
आई घरी येईना."

वारा म्हणाला, "मी नाही उठत जा. टिटवीनं पंख फडफडवले तर उठेन." आणि कूस बदलून परत घुर्र घुर्र.

ठिपकू निघाला. टुणुक... टुणुक. आता पाय दुखायला लागले होते.

पिवळ्या जगात होती टिटवी. जमिनीवर बसली होती. पंख घट्ट मिटून.

"टिटवीमावशी, टिटवीमावशी, पंख उघड ना.
वारा उठेना,
ओढा वाहेना,
दगड सरकेना,
चिमटा मिळेना,
संध्याकाळ थांबेना,
आई घरी येईना."

टिटवी हळूच म्हणाली, "कसे उघडू रे बाळा? पंखाखाली माझं पिल्लू आहे. पंख उघडले तर त्याला थंडी वाजेल."

ठिपकूनं वाकून पाहिलं. इवलंसं पिल्लू. कुडकुड कुडकुड.

ठिपकूनं डोक्याला हात लावला. टोपी होती. इतक्या वेळा सकाळ झाली होती, की टोपी कडकडीत वाळली होती. मऊ मऊ. उबदार. आईनं विणलेली.

द्यावी की नको? ठिपकूनं टोपी एकदा घट्ट धरली. मग त्यानं टोपी काढली आणि पिल्लाला घातली. एका भोकातून आली चोच. दुसऱ्या भोकातून आलं शेपूट. कुडकुड थांबली.

मग काय विचारता.

टिटवीनं पंख उघडले, फड फड फड.
वारा उठला, सूं सूं सूं.
पानं उडाली, भिर्र भिर्र.
ओढा वाहिला, खळ खळ खळ.
दगड सरकला, गड गड गड.
आणि चिमटा मिळाला!

ठिपकू पळाला. टुणुक टुणुक टुणुक टुणुक. पाय दुखायचे थांबले की काय, कोण जाणे. संध्याकाळ झाली, तसा त्यानं चिमटा दोरीला लावला. खट्ट.

संध्याकाळ थांबली.

आई आली. एक पाय दारात. एक पाय बाहेर. ठिपकूनं श्वास रोखला. मग दुसरा पायही आला. आई आत आली. अख्खी आली.

आईनं विचारलं, "टोपी कुठे रे?" ठिपकूनं सगळं सांगितलं. चिमटा कुणी काढला, तेही सांगितलं. आईनं ऐकून घेतलं. मग त्याचे गार गार कान आपल्या पंजात धरले. कान उबदार होईपर्यंत तशीच बसली.

"सगळे घरी आले," आई म्हणाली. "काढ आता चिमटा. रात्र बाहेर खोळंबलीय."

"काढतो," ठिपकू म्हणाला. आणि आईच्या कुशीत आणखी आत सरकला.

त्या दिवशी सगळ्या जगांत संध्याकाळ जरा लांबली. कुणी तक्रार केली नाही.

गोष्ट वाळली, घडी घातली, बाळाच्या उशीखाली ठेवून दिली.