गजरा परटिणीने चढवलेला पारा

चिंचगडच्या महाराजांनी गजरा परटिणीचं गाढव कोंडून ठेवलं आणि ते सोडवायला पैज घातली ती हवेवर!

गाढवाचा गुन्हा एवढाच, की त्याने राजबागेतली शेवंती खाल्ली होती. पण घाटावर धुण्याचे गठ्ठे वाहायला गजराकडे दुसरं होतं कोण? नवरा होता, पण तो गाढवाइतका कामाचा नव्हता.

त्या साली एका गोऱ्या साहेबाने महाराजांना पाऱ्याची नळी भेट दिली होती. उकाडा झाला की पारा चढे, गारठा पडला की उतरे. झालं! नळी दरबारातल्या खांबाला टांगली गेली आणि उद्या दुपारी पारा आजच्यापेक्षा चढणार की उतरणार, यावर रोज पैजा लागू लागल्या. सरदारांनी अंगठ्या लावल्या, सोन्याची कडी लावली, एकाने तर सासऱ्याने दिलेली घोडी लावली. राज्यकारभार काय, तो उरल्या वेळात होई.

"महाराज, माझं गाढव द्या," गजरा हात जोडून म्हणाली.

"लाव पैज!" महाराज म्हणाले. "जिंकलीस तर घेऊन जा. हरलीस तर ते दगडाच्या खाणीवर!"

पौषातली थंडी रोज वाढतच होती. गजरा म्हणाली, "मग उतरेल."

"ती बाजू भरली!" कारभारी म्हणाले. "सगळा दरबार अंगठ्या, कडी, घोडी लावून 'उतरेल'वर आहे. समोर कोणीतरी नको का? तुझ्या वाट्याला 'चढेल'!"

सरदार खुदुखुदु हसले. गजराने चेहरा इस्त्री केल्यासारखा ठेवून विचारलं, "म्हणजे उद्या दुपारची तोफ होताना या दरबारात पारा आजच्यापेक्षा चढलेला असला, की मी जिंकले?"

"राजाचा शब्द! मात्र विस्तव आणायचा नाही, नळीला हात लावायचा नाही."

"नळीच्या जवळसुद्धा जाणार नाही, महाराज!"

दुसऱ्या दिवशी नळीतला पारा आणखी खाली बसला होता. सरदार शालीत गुरफटून खुशीत होते. गजरा आली ती महाराजांच्या धुण्याचा गठ्ठा घेऊन.

"महाराज, तोफेला वेळ आहे, तोवर कपडे मोजून देते. या बंडीच्या खिशाला काहीतरी चिकट लागलं होतं. चाखून पाहिलं, तर पाक!"

"असेल," महाराज म्हणाले.

"पण वैद्यबुवांनी महाराजांचं गोड बंद केलंय ना? राणीसाहेबांनी मुदपाकखान्याला कुलूप घातलंय म्हणे. मग खिशात जिलबी आली कुठून?"

पडद्यामागे बांगड्या वाजल्या.

"गजरा, पुरे!"

"आणि हा अंगरखा. शिंप्याने नुकताच सैल केलेला, पुन्हा उसवलाय. काय हो महाराज, पथ्याने माणूस फुगतं का?"

"गप्प बस!" महाराज ताडकन उठले. कान लाल झाले, मिशा थरथरल्या. "कोण आहे रे तिकडे! हिला बाहेर काढा!"

छतातली कबुतरं उडून गेली. गजरा शांतपणे दरबाराकडे वळली.

"मंडळी, तुम्हीच सांगा. कालच्यापेक्षा पारा चढलाय की उतरलाय?"

कारभाऱ्यांनी एकदा नळीकडे पाहिलं, एकदा महाराजांकडे. महाराज जास्त जवळ होते.

"च... चढलाय," ते म्हणाले.

"पण नळीतला तर..." घोडीवाले सरदार ओरडले.

"नळीतला असं काल कोण म्हणालं? 'या दरबारात' असं ठरलंय! याहून चढलेला पारा या दरबारात आहे का दुसरा?"

महाराजांच्या मिशीचं एक टोक हललं.

"हसू नका महाराज!" गजरा काकुळतीला आली. "पाया पडते, तोफ होईस्तोवर उतरवू नका!"

राजाचा शब्द तो! महाराजांनी ओठ गच्च मिटले, डोळे वटारले आणि मोठ्या कष्टाने रागावलेले राहिले. अखेर धुडूम! तोफ झाली आणि महाराज पोट धरधरून हसत सुटले.

गाढव तर सुटलंच. शिवाय 'चढेल'वर एकटी गजराच होती, तेव्हा सरदारांच्या अंगठ्या, कडी आणि ती घोडीही तिच्याच पदरात पडली.

"आणि तुझ्या गाढवाला माझ्याकडून गुळाची ढेप!" महाराज म्हणाले.

"गाढवाला गुळाची चव काय!" कारभारी पुटपुटले.

"ते खरंच," गजरा म्हणाली. "त्याला जिलबी चालेल. महाराजांच्या खिशात असेल एखादी."

महाराजांचा हात आपसूक खिशाकडे गेला आणि पडद्यामागून राणीसाहेब खो खो हसल्या!